बंद पडलेल्या कोर्टाचा कायदा शिकवून पोट भरेल का?

ताई, नमस्कार.

मी २७ वर्षांची. गाव निफाड तालुक्यात, घरी कांदा आणि थोडी द्राक्षं. पुण्यात कायद्याची पदवी घेतली, मग आंतरराष्ट्रीय व्यापार कायद्यात एलएलएम केलं. तीन वर्षांपासून मुंबईत एका फर्ममध्ये अँटी-डम्पिंग (परदेशातून पडेल भावात येणाऱ्या मालावरचं शुल्क) आणि कस्टम्सची कामं बघते. पगार बरा आहे, झोप नाही. कॉलेजात असताना डब्ल्यूटीओच्या (जागतिक व्यापार संघटनेच्या) मूट कोर्टात, म्हणजे विद्यार्थ्यांच्या सराव-खटल्यांच्या स्पर्धेत, उतरले होते. तेव्हापासून एकच डोक्यात आहे : हा विषय शिकवायचा आणि त्यावर लिहायचं. ऑफिसात नव्याने आलेल्या मुलांना मी डम्पिंग मार्जिन (मालाचा देशातला भाव आणि निर्यातीचा भाव यांतला फरक) समजावते, तो तास माझ्या दिवसातला सगळ्यात चांगला तास असतो.

पण आमचे साहेब हसतात. म्हणतात, ‘डब्ल्यूटीओचं कोर्ट बंद पडलं, ट्रम्पने उरलंसुरलं मोडलं. तू काय आता इतिहास शिकवणार?’ वडिलांचं म्हणणं वेगळंच : ‘एवढं शिकून शेवटी मास्तरकी?’ जिल्ह्याच्या ठिकाणच्या एका लॉ कॉलेजने तासिका तत्त्वावर बोलावलं आहे, पुढच्या महिन्यात रुजू व्हा म्हणतात. आणि युरोपातल्या एका विद्यापीठात या विषयाच्या मास्टर्सला प्रवेश मिळाला आहे. खर्च ३८ लाख. वडील जमीन तारण ठेवायला तयार आहेत. काय करू?

— अ., मुंबई

प्रिय अ.,

कर्ज काढू नकोस.

हे आधी सांगून टाकते, कारण तू हा मुद्दा पत्राच्या शेवटी, जाता जाता लिहावा तसा लिहिला आहेस आणि तोच सगळ्यात महाग आहे. ३८ लाख, दहा वर्षं, व्याज दहा टक्के धर. महिन्याचा हप्ता ५० हजारांच्या आसपास येतो. सातव्या वेतन आयोगाप्रमाणे नव्या सहायक प्राध्यापकाचं मूळ वेतन ५७,७०० रुपये आहे. वर महागाई भत्ता, घरभाडे भत्ता मिळतो हे मान्य, पण ते पूर्ण वेतनश्रेणीवर नेमणूक झाली तर. ती कधी होईल, हे तुला, मला आणि उच्च शिक्षण विभागालाही सांगता यायचं नाही. शिवाय तुझ्याकडे एक एलएलएम आहे. परदेशातलं दुसरं घेतलंस तरी आपल्याकडे नेट किंवा सेट ही प्राध्यापकीची पात्रता परीक्षा सुटत नाही. म्हणजे जमीन तारण ठेवून तू जिथून निघालीस त्याच दारात परत येऊन उभी राहणार, फक्त हप्ता सोबत घेऊन. परदेशी शिकण्यात वाईट काहीच नाही. वडिलांच्या सातबाऱ्यावर बोजा चढवून शिकण्यात आहे.

आता तुझ्या साहेबांकडे वळू. ते म्हणतात ते अर्धं खरं आहे, आणि अर्धी खरी गोष्ट खोडायला जड जाते, म्हणून जरा नीट बोलते.

साहेब ज्याला कोर्ट म्हणतात ते डब्ल्यूटीओचं जिनिव्हातलं अपील मंडळ सात जणांचं. सदस्यांची मुदत संपत गेली आणि रिकाम्या जागा भरायला अमेरिकेने संमती दिली नाही. १० डिसेंबर २०१९ ला आणखी दोघांची मुदत संपली. त्यातले एक आपले उजलसिंग भाटिया. मागे एकच सदस्य उरल्या आणि अपील ऐकायला तर तीन लागतात. ३० नोव्हेंबर २०२० ला त्यांचीही मुदत संपली. तेव्हापासून मंडळ कागदावर आहे, खुर्च्या रिकाम्या. खालच्या पायरीवरची पॅनेलं मात्र अजून बसतात, निकाल देतात. हरलेला देश अपील दाखल करतो, ते ऐकायला कुणी नसतं, आणि निकाल तिथेच लटकतो. काही देशांनी २०२० मध्ये आपसांत अपिलाची पर्यायी सोय करून घेतली. भारत तिच्यात नाही.

या लटकण्याचा फायदा आपणही घेतो, हे साहेबांना ठाऊक असणारच. साखरेचंच घे. ब्राझील, ऑस्ट्रेलिया आणि ग्वाटेमाला यांनी २०१९ मध्ये भारतावर तक्रार केली. मुद्दा उसाच्या एफआरपीचा, म्हणजे सरकारने ठरवून दिलेल्या किमान दराचा. विकसनशील देशाला एखाद्या पिकाला त्याच्या एकूण उत्पादनमूल्याच्या दहा टक्क्यांपर्यंत आधार देता येतो. भारताने ती मर्यादा ओलांडली, असा त्यांचा आरोप. आपला बचाव असा की एफआरपी सरकार देतच नाही, कारखाने देतात. सरकारच्या तिजोरीतून पैसा जात नसेल तर ते सरकारी साहाय्य कसं? डिसेंबर २०२१ मध्ये पॅनेलने हा बचाव फेटाळला. भाव सरकारने ठरवून दिला एवढं पुरे, पैसे कुणी मोजले याने फरक पडत नाही, असं म्हटलं आणि २०१४-१५ ते २०१८-१९ या पाचही हंगामांत मर्यादा ओलांडल्याचा निष्कर्ष काढला. त्यावर भारताने अपील केलं. ते आजही तिथेच आहे. कोल्हापूर-सांगलीकडे एफआरपीसाठी दरवर्षी रस्ते अडवले जातात, पण ज्या दरासाठी आपण भांडतो तो दर जिनिव्हात एका निकालाखाली दबून पडला आहे, हे ऊसपट्ट्यात किती जणांना नीट सांगितलं गेलं असेल? सांगणारा माणूसच नाही. तू ज्या कामाचा विचार करते आहेस त्यातलं एक काम हे आहे, म्हणून एवढं लांबण लावलं.

तालुक्याच्या कोर्टात वर्षभर न्यायाधीश नसला म्हणून सातबाऱ्यावरची नावं पुसली जात नाहीत. अपील मंडळ बंद पडलं तरी करार जागेवर आहेत आणि त्यांची भाषा आपल्या कायद्यांत उतरलेली आहे. तू रोज ज्यावर काम करतेस ते सीमाशुल्क दर कायद्याचं कलम ९अ कुठून आलं? डम्पिंग, देशी उद्योगाची हानी आणि त्या दोहोंतला कार्यकारणसंबंध, या तिन्ही पायऱ्या जिनिव्हाच्या करारातल्या आहेत. दिल्लीत डीजीटीआरपुढे (डम्पिंगची चौकशी करणाऱ्या सरकारी यंत्रणेपुढे) सुनावणी चालते तेव्हा वकील तिकडचेच दाखले देतात. त्यात द्विपक्षीय करारांची रांग लागली आहे : २०२२ मध्ये आधी संयुक्त अरब अमिराती आणि वर्षअखेर ऑस्ट्रेलिया, मार्च २०२४ मध्ये सही होऊन ऑक्टोबर २०२५ पासून लागू झालेला स्वित्झर्लंड-नॉर्वे वगैरे चार देशांचा, जुलै २०२५ मध्ये सही झालेला ब्रिटनचा. प्रत्येकात मालाचं मूळ ठरवायचे नियम वेगळे. २०२० मध्ये त्यासाठी कस्टम्सचे खास नियम आले, तेव्हापासून आयातदाराला नुसतं प्रमाणपत्र दाखवून भागत नाही, माल खरोखर कुठे बनला याची माहिती जवळ बाळगावी लागते. या सगळ्याला जिनिव्हातल्या अपिलाची गरज लागत नाही. जाणकार वकील मात्र पूर्वीपेक्षा जास्त लागतात आणि त्यांना कुणीतरी शिकवावं लागतं.

ट्रम्प यांचं म्हणशील, तर ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेने भारतीय मालावरचं जादा शुल्क ५० टक्क्यांवर नेलं, तेव्हा दोन प्रश्न सगळीकडे विचारले गेले : हे नियमांत बसतं का, आणि बसत नसेल तर आपल्या हाती काय उरतं? पहिल्याचं उत्तर सर्वांना समान वागणूक देण्याच्या कलमात आणि प्रत्येक देशाने लिहून दिलेल्या कमाल शुल्काच्या तक्त्यांत सापडतं. दुसऱ्याचं उत्तर फार कमी जणांना धड देता आलं. नियम मोडले जातात त्या काळात नियम जाणणाऱ्याला काम कमी पडतं, हा तर्क मला कधी कळला नाही.

आणि साहेबांना इतिहासाचं एवढं वावडं असेल तर त्यांना थोडा इतिहासच ऐकव. १९४७ च्या गॅट करारावर, म्हणजे डब्ल्यूटीओच्या आधीच्या जागतिक व्यापार करारावर, सही करणाऱ्या २३ देशांत भारत होता. तेव्हापासून १९९४ पर्यंत पॅनेलचा निकाल मंजूर व्हायला सगळ्यांची संमती लागायची, म्हणजे हरलेला देशसुद्धा तो अडवू शकायचा. आजच्यासारखीच अवस्था. त्या काळात गॅट म्हणजे मुत्सद्द्यांची देवघेव, तिच्यात कायदा कसला, असं भल्याभल्यांचं मत होतं. मिशिगन विद्यापीठातले कायद्याचे प्राध्यापक जॉन जॅक्सन यांनी १९६९ मध्ये गॅटच्या कायद्यावर जाडजूड ग्रंथ लिहिला तो या वातावरणात. पुढे काही काळ ते अमेरिकेच्या व्यापार प्रतिनिधी कार्यालयाचे कायदा सल्लागार होते. १९९० मध्ये त्यांनी जागतिक व्यापारासाठी रीतसर संघटना असावी अशी मांडणी केली. १ जानेवारी १९९५ ला ती संघटना उभी राहिली. तू ज्या मूट कोर्टात उतरलीस त्याला आज त्यांचंच नाव आहे. म्हणजे हा विषय घडला तोच मुळी धड कोर्ट नव्हतं तेव्हा, आणि घडवणाऱ्यांत पुढे होते ते कायद्याचे मास्तर. (हे वडिलांनाही सांगायला हरकत नाही.)

मास्तरांना या व्यवस्थेत जागाही आहे. तंटे सोडवण्याचे जे नियम १९९४ मध्ये ठरले, त्यांच्या आठव्या कलमात पॅनेलवर कोण बसू शकतं हे लिहिलं आहे. खटला चालवलेला किंवा वरिष्ठ पदावर काम केलेला माणूस तर चालतोच, शिवाय आंतरराष्ट्रीय व्यापाराचा कायदा किंवा धोरण शिकवलेला, त्यावर लिहिलेला माणूसही चालतो, असं स्पष्ट म्हटलं आहे. १९९५ मध्ये नेमलेल्या अपील मंडळाच्या पहिल्या सात जणांत टोकियोचे कायद्याचे प्राध्यापक मित्सुओ मात्सुशिता होते. आपल्याकडचे दोघे त्या मंडळावर गेले, ए. व्ही. गणेशन आणि उजलसिंग भाटिया. दोघेही सनदी सेवेतले. आपल्याकडे हा विषय बराच काळ वाणिज्य मंत्रालयाच्या फायलींत राहिला आणि वर्गात उशिरा आला, त्याची ही खूण. आता चित्र थोडं बदलतं आहे. २०१६ मध्ये वाणिज्य मंत्रालयाने दिल्लीत आयआयएफटीमध्ये (भारतीय विदेश व्यापार संस्थेत) व्यापार आणि गुंतवणूक कायद्याचं केंद्र काढलं. खटले आणि वाटाघाटी यांत सरकारला कायदेशीर साह्य करणं हे त्याचं काम. त्या पदांच्या जाहिरातींवर लक्ष ठेव.

इतकं ऐकून हुरूप आला असेल तर थांब, कारण आता मी तो थोडा उतरवणार आहे.

मी कायद्याच्या कॉलेजातूनच निवृत्त झाले, तेव्हा आतली गोष्ट सांगते. आंतरराष्ट्रीय व्यापार कायद्याचा प्राध्यापक अशी नेमणूक आपल्याकडे क्वचित होते. नेमणूक होते कायद्याच्या सहायक प्राध्यापकाची, आणि तो जे समोर येईल ते शिकवतो. बार कौन्सिलच्या २००८ च्या नियमांत सार्वजनिक आंतरराष्ट्रीय कायदा सक्तीचा आहे, व्यापार कायदा ऐच्छिक गटात. ऐच्छिक म्हणजे काय, ते शिकवल्यावर कळतं. वर्षातून एकदा, मोजक्या मुलांपुढे, आणि त्यातल्या निम्म्यांनी तो निवडलेला असतो वेळापत्रक सोयीचं म्हणून. बाकी वर्षभर करार कायदा. सोमवारी सकाळी आठला ‘लालमन शुक्ला विरुद्ध गौरी दत्त’, १९१३. तोच मुनीम, मालकाचा तोच हरवलेला पुतण्या, शोधून आणण्याचं तेच बक्षीस. दरवर्षी. शिवाय अंतर्गत गुणांची रजिस्टरं, प्रवेश समिती, परीक्षेचं पर्यवेक्षण आणि कॉलेजांचं मूल्यांकन करणारी नॅकची समिती येणार म्हटलं की महिनोन् महिने चालणारं फायलींचं बाळंतपण.

म्हणून माझा तुला खरा प्रश्न वेगळा आहे. डब्ल्यूटीओ जिवंत आहे की नाही, हा तो नव्हे. सोमवारी आठ वाजता त्या मुनिमाची गोष्ट नव्या बॅचला सांगताना तुला कंटाळा येईल का? येणार असेल तर हा व्यवसाय तुझा नाही. मग फर्ममध्ये राहा, लेख लिही, अधूनमधून व्याख्यानं दे, आणि त्यात कमीपणा काही नाही. येणार नसेल तर पुढचं वाच.

तुझ्या पत्रातली मला सगळ्यात आवडलेली ओळ डम्पिंग मार्जिनच्या तासाची. तू तो तास कसा घेत असशील त्याचा मी अंदाज बांधला. युरोपीय संघाने भारतीय चादरींवर अँटी-डम्पिंग शुल्क लावलं होतं, त्याची गोष्ट तुला पाठ असेल, इतर वाचकांसाठी सांगते. समज चादरीचे दोन प्रकार आहेत. पहिला भारतात १०० रुपयांना विकला जातो आणि युरोपात ८० ला, म्हणजे फरक २०. दुसरा इथे १०० ला आणि तिथे १२० ला, म्हणजे फरक उणे २०. विक्री सारखीच असेल तर सरासरी शून्य, डम्पिंग नाही. पण युरोपीय अधिकारी काय करत? जिथे उत्तर उणे येतं तिथे शून्य लिहीत. मग पहिल्या चादरीचे २० शिल्लक राहत आणि डम्पिंग सिद्ध होई. भारताने याला आव्हान दिलं आणि मार्च २००१ मध्ये अपील मंडळाने ही रीत कराराविरुद्ध ठरवली. पुढे हाच मुद्दा इतर देशांनी अमेरिकेविरुद्ध पुन्हा पुन्हा लढवला, आणि अमेरिकेचा अपील मंडळावर जो राग आहे त्यात या निकालांचा वाटा मोठा आहे. फळ्यावर दोन ओळींचं गणित, आणि त्यातून सरळ २०१९ च्या रिकाम्या खुर्च्यांपर्यंत जाता येतं. असा तास घेता येणारे शिक्षक आपल्याकडे कमी आहेत. कलमं वाचून दाखवणारे पुष्कळ. तू तीन वर्षं खर्चाचे तक्ते चाळलेस म्हणून तुझ्याकडे हे आहे, आणि म्हणूनच फर्म घाईने सोडू नकोस. अजून एक-दोन वर्षं तिथे जे शिकशील त्यावर पुढची कित्येक वर्षं शिकवता येईल.

आता तासिका तत्त्वाबद्दल. त्या जिल्ह्याच्या कॉलेजला नम्रपणे नकार कळव. तासाला ठरलेले पैसे, सुट्टीत काही नाही, पुढच्या सत्रात बोलावतील याची हमी नाही. अशा नेमणुकीवर वर्षानुवर्षं काढलेली, पीएच.डी. झालेली माणसं आपल्या राज्यात गावोगाव आहेत आणि त्यांची अवस्था पाहून वाईट वाटतं. बोलावणारे नेहमी म्हणतात, ‘आत्ता या, पद भरलं की आधी तुमचाच विचार करू.’ पद भरायचं तर सरकारची मंजुरी, आरक्षणाच्या बिंदुनामावलीची तपासणी, जाहिरात आणि विद्यापीठाची निवड समिती, एवढ्या पायऱ्या असतात. त्यातली एकही पायरी त्या बोलावणाऱ्याच्या हातात नसते.

पण शिकवून बघायची सोय आहे, आणि ती नोकरी न सोडता. वकिलांच्या अध्यापनाविषयीचे १९७९ चे नियम आहेत. त्यांनुसार सनद असलेला, वकिली करणारा माणूस विद्यापीठाशी संलग्न संस्थेत कायदा शिकवू शकतो, फक्त शिकवण्याचे तास दिवसाला तीनहून जास्त नकोत. मुंबईतल्या अनेक लॉ कॉलेजांचे वर्ग सकाळी लवकर भरतात. साहेबांची परवानगी घे, आणि एका सत्रासाठी आठवड्यातले दोन-तीन तास घे. विषय मुद्दाम करार कायदा मागून घे. व्यापार कायदा तुला आवडतोच, त्यात परीक्षा कसली? सत्र संपलं की तुला स्वतःलाच उत्तर कळेल.

त्याच वर्षात नेट दे. एलएलएमला ५५ टक्के असतील असं धरते. जुलै २०२३ पासून सहायक प्राध्यापकासाठी नेट, सेट किंवा स्लेट ही किमान पात्रता झाली आहे, त्यामुळे हे लांबणीवर टाकू नकोस. आपल्याकडची सेट पुण्याचं सावित्रीबाई फुले विद्यापीठ महाराष्ट्र आणि गोवा मिळून घेतं. ती या दोन राज्यांपुरती चालते, नेट देशभर. दोन्ही दे. नेटमध्ये जेआरएफ (संशोधनासाठीची शिष्यवृत्ती) मिळाली तर महिन्याला ३७,००० रुपये आणि वर घरभाडं, म्हणजे पीएच.डी.ची वर्षं वडिलांकडे हात न पसरता काढता येतील. जेआरएफसाठी वयाची अट साधारण ३० ची आहे आणि महिलांना पाच वर्षांची सवलत आहे, तेव्हा घाबरून जायचं कारण नाही. पुढची चढण मात्र लांब आहे. सहयोगी प्राध्यापकासाठी पीएच.डी., आठ वर्षांचा अनुभव आणि सात शोधनिबंध, तेव्हा मूळ वेतन १,३१,४०० पासून. प्राध्यापकासाठी दहा वर्षं आणि दहा निबंध, मूळ वेतन १,४४,२०० पासून. खासगी विद्यापीठांत आकडे वर-खाली होतात; तिथे मुलाखतीला जाशील तेव्हा पगाराआधी आठवड्याचे तास किती ते विचार.

पीएच.डी.चा विषय काय घेशील, हे तू विचारलेलं नाहीस, तरी सांगते, कारण मला राहवत नाही. कांदा घे.

तुझ्या वडिलांना या तारखा तुझ्यापेक्षा चांगल्या पाठ असतील : १९ ऑगस्ट २०२३ ला ४० टक्के निर्यात शुल्क. मग किमान निर्यात मूल्य. ८ डिसेंबर २०२३ ला सरळ निर्यातबंदी. ४ मे २०२४ ला बंदी उठली, पण ५५० डॉलरचं किमान मूल्य आणि ४० टक्के शुल्क राहिलं. सप्टेंबर २०२४ मध्ये किमान मूल्य गेलं, शुल्क २० वर आलं. १ एप्रिल २०२५ पासून तेही गेलं. लासलगावच्या आवारात ही सगळी एकाच दुखण्याची नावं. कायद्यात मात्र त्यांची घरं वेगळी. गॅटचं अकरावं कलम निर्यातीवरची बंदी आणि निर्बंध यांना मनाई करतं, पण शुल्क आणि कर त्यातून वगळतं. म्हणजे ४० टक्के शुल्क त्या कलमाच्या बाहेर आणि डिसेंबरची बंदी आत. मग त्याच कलमात पोटकलम येतं : अन्नपदार्थांची गंभीर टंचाई टाळण्यासाठी तात्पुरती बंदी चालेल. गंभीर म्हणजे किती, तात्पुरती म्हणजे किती दिवस? निवडणुकीच्या तोंडावर भाव वाढण्याची भीती टंचाईत बसते का? वर शेती कराराचं बारावं कलम सांगतं की अशी बंदी घालण्याआधी आयात करणाऱ्या देशांचा विचार करा, आधी कळवा. विकसनशील देशांना त्यातून सूट आहे, पण तो देश त्या पदार्थाचा निव्वळ निर्यातदार असेल तर सूट नाही. आणि कांद्यात आपण निर्यातदार आहोत. यात शेतकऱ्याचं नाव कुठे येतं, ते शोध. मी शोधलं तर मला ग्राहक सापडला, आयातदार देश सापडला, शेतकरी सापडला नाही. प्रबंधाचा प्रश्न इथे आहे असं मला वाटतं, अर्थात तुला दुसरा सापडला तर उत्तमच.

द्राक्षांतही मसाला भरपूर आहे. २०१० मध्ये क्लोरमेक्वाट या रसायनाच्या अंशावरून युरोपने आपली द्राक्षं अडवली तेव्हा तू शाळेत असशील, घरातलं वातावरण आठवत असेल. पण त्यावर लिहिलं बरंच गेलं आहे. कांद्यावर कायद्याच्या अंगाने फार कमी.

घरच्या पिकावर प्रबंध लिहिला म्हणजे विषय लहान झाला असं वाटू देऊ नकोस. जिनिव्हात बसून लिहिणाऱ्याला अकरावं कलम येतं, पण लिलाव बंद पडल्यावर काय होतं ते येत नाही. लासलगावात राहणाऱ्याला ते येतं, अकरावं कलम येत नाही. दोन्ही येणारी माणसं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. निबंध इंग्रजीत लिहावे लागतील, त्याला इलाज नाही. पण प्रत्येक निबंधामागे एक लेख मराठीत, शेतीच्या वृत्तपत्रात लिही. पदोन्नतीच्या तक्त्यात त्याला गुण मिळणार नाहीत. तरी लिही.

परदेशाचं दार बंद कर असं मी म्हणत नाही. चेव्हनिंग शिष्यवृत्तीला दोन वर्षांच्या कामाचा अनुभव लागतो, तो तुझ्याकडे आहे. ती ब्रिटनपुरती असते आणि नंतर दोन वर्षं मायदेशी परतावं लागतं, जे तुला तसंही करायचं आहे. जर्मनीची डाड शिष्यवृत्ती आहे. तू ज्या प्रवर्गात येत असशील त्याप्रमाणे राज्य सरकारच्या परदेश शिष्यवृत्तीचे नियमही बघून घे. शिष्यवृत्तीवर मिळालं तर जरूर जा, आणि जमलं तर पीएच.डी.च्या मधल्या टप्प्यात जा. तेव्हा काय शोधायला आलो आहोत हे तरी ठाऊक असेल.

वडिलांशी बोलताना एक गोष्ट लपवू नकोस. पूर्णवेळ, पगारी प्राध्यापक झालीस की वकिली करता येत नाही, बार कौन्सिलला कळवून सनद स्थगित ठेवावी लागते. आज ना उद्या त्यांना हे कुणीतरी दुसरं सांगेल आणि मग तू फसवलंस असं त्यांना वाटेल. ‘मास्तरकी’ हा शब्द मनावर घेऊ नकोस. जमीन तारण ठेवायला तयार झालेला बाप मुलीला कमी लेखत नसतो. त्यांची भीती पैशाची आहे, तेव्हा पैशाचंच बोल : वर दिलेले आकडे कागदावर मांड, शेजारी आत्ताचा पगार लिही, पहिली काही वर्षं उत्पन्न घटेल हेही लिही. आणि जमीन तारण ठेवायची नाही, हे पहिल्या ओळीत लिही.

राहिला मार्गदर्शक. विद्यापीठाच्या नावावर जाऊ नकोस, माणूस बघ. २०२२ च्या नियमांनुसार प्राध्यापकाला एका वेळी आठ, सहयोगीला सहा आणि सहायकाला चार संशोधक घेता येतात. या विषयाचे मार्गदर्शक मुळात थोडे, त्यांच्या जागा आणखी थोड्या. ज्यांच्याकडे जायचं आहे त्यांचे अलीकडचे दोन-तीन निबंध वाच, मग पत्र लिही, आणि जागा कधी मोकळी होणार ते सरळ विचार. त्यांच्या जुन्या विद्यार्थ्यांपैकी एखाद्याला गाठून मसुदा परत यायला किती महिने लागतात तेही विचारून घे.

आणि त्या युरोपातल्या विद्यापीठाला या आठवड्यातच मेल कर. प्रवेश पुढच्या वर्षावर ढकलता येतो का, ते विचार. बरीच विद्यापीठं ढकलू देतात, पण अनामत भरायची तारीख उलटली की मग नाही.

तुझी,
ताई